कोऱ्या शालीचा कच्चा रंग

हुमेलनं तोंड बंद ठेवलं असतं तर काही झालं नसतं. पण तिचं तोंड म्हणजे उकळती कढई, झाकण टिकतच नाही.

त्या दिवशी लेंझ्याच्या बाजारात ती रंगवलेली कापडं दोरीवर टाकत होती. शेजारच्या ओट्यावर दोरमबुवा प्रवचन झोडत होते. टेकडीवरच्या पोकळीतले बुवा ते. पोकळी म्हणजे त्यांचा मठ, आणि तिथं राहणाऱ्यांना रिकामे म्हणायचं. कामधंदा नाही म्हणून नव्हे, आतून रिकामे म्हणून. निदान त्यांचं म्हणणं तसं.

"जग म्हणजे भोपळा," दोरमबुवा म्हणाले. "आत पोकळ, तेवढंच खरं. रंग ही वरून मारलेली थाप. आणि ही बघा, थापा विकणारी बाई."

बोट सरळ हुमेलकडे.

"मग तुमच्या थोरल्या बुवांची शाल कसली असते?" हुमेलनं विचारलं.

"कोरी."

"कोरी म्हणजे कुठल्या रंगाची?"

"पांढरी, दुसरी कुठली?"

मागून एक बुवा खाकरले. "पांढरा हा रंगच झाला, दोरम. कोरी म्हणजे काळी. कोरा चहा काय पांढरा असतो?"

"मागावरून उतरतं ते कोरं," तिसरे म्हणाले. "आणि ते मातकट असतं."

बाजार फिदीफिदी हसायला लागला. हुमेलनं तिथंच थांबायला हवं होतं.

"तिघांचं एका शालीवर जमेना आणि थापाडी मी? मी आणून दाखवते कोरं कापड."

दोरमबुवांचे डोळे चमकले. "आण. परवा तुंबकबुवा थोरले म्हणून पाटावर बसतील, तेव्हा आण. नाही जमलं तर तुझे रंगाचे अकरा रांजण फोडायचे, हा त्यांचा पहिला हुकूम."

तुंबकबुवा बाजूलाच बसून काडीनं गोगलगाय कोरून खात होते. त्यांनी मानसुद्धा वर केली नाही.

घरी नणंद ओशी कपाळाला हात लावून बसली. "वहिनी, त्या रांजणात आईचं आंबवण आहे गं. तीस वर्षांचं. एकदा सांडलं की परत लागत नाही."

"मला शिकवू नकोस."

"तुला कोण शिकवणार? तू तर बुवांना शिकवून आलीस."

हुमेल रात्रभर चिडचिड करत राहिली. कापड धुतलं की पांढरं, नाही धुतलं की मातकट. बिनरंगाचं कापड आणायचं कुठून? पहाटे ती ताडकन उठली. कोरं कापड नसतंच. कापड कोरं होतं, सगळ्यांच्या डोळ्यांदेखत, रंग निघून जाताना. तिनं शाल गोगलगायीच्या हिरव्या रंगात बुडवली आणि रंग पक्का करणारी तुरटी दिलीच नाही. कच्चा रंग. घाम लागला की सुटणार. आणि पाटावर तर दोन्ही सूर्य डोक्यावर येईपर्यंत न हलता बसायचं असतं.

ठरल्या दिवशी शाल बघून दोरमबुवा खूश झाले. "हिरवीगार की गं. याला कोरी म्हणतात तुझ्याकडे?"

"घाम येऊ द्या जरा."

तुंबकबुवा उघड्या अंगावर शाल घेऊन तापलेल्या दगडी पाटावर बसले. धाकटा सूर्य चढला, मागोमाग थोरला. शाल फिकी व्हायला लागली. दुपारी ती ना पांढरी होती, ना काळी, ना मातकट. बुवा जवळ येऊन डोळे बारीक करून बघायला लागले. प्रत्येकजण दुसऱ्याच्या तोंडाकडे बघे, पण त्या शालीला नाव कुणालाच देता येईना. हुमेल छाती काढून उभी राहिली. जन्मात पहिल्यांदा तिला प्रवचन ऐकल्यासारखं वाटत होतं, आणि ते तिनंच केलेलं होतं.

मग दोरमबुवांनी शाल उचलली.

खाली तुंबकबुवा हिरवे. टकलापासून बेंबीपर्यंत, शेवाळ धरलेल्या दगडासारखे.

आधी पोरं हसली. मग सगळेच.

"वहिनी," ओशी कानाशी म्हणाली, "रंग उतरला की कुठंतरी चढतोच. आपल्याकडे शेंबड्या पोराला कळतं."

"गप."

रंग लागलेल्या माणसाचं पाटावर बसणं मोजत नाहीत, साफ होऊन पुन्हा बसावं लागतं. "रंग गेलाच नाही, हरलीस तू," असं हुमेलला सुनावून दोरमबुवांनी राख मागवली, चौघांनी मिळून तुंबकबुवांना घासघास घासलं. राखेनं हा हिरवा जास्तच धरतो, हे पोकळीत कुणाला ठाऊक असणार? बुवा आणखी गडद झाले.

दुसऱ्या दिवशी दोन चेल्यांनी त्यांना हुमेलच्या अंगणात आणून सोडलं. "संध्याकाळपर्यंत साफ करा," असं सांगून ते गेले. ओशीनं रिकामं घंगाळ पुढे केलं, तुंबकबुवा त्यात मांडी घालून बसले.

"किती दिवस लागतील?" त्यांनी विचारलं.

ओशीनं हुमेलला चिमटा काढला. वर्ष सांग, असा त्या चिमट्याचा अर्थ. आज साफ झाले की उद्या पाटावर, आणि पाटावर बसले की रांजण फुटले. हुमेलची जीभ वर्ष म्हणायला वळलीही होती. पण बुवा म्हणाले, "थाप मारलीस तरी चालेल. तुमचा धंदाच आहे म्हणे."

झालं. झाकण उडालं.

"थापा तुमच्या पोकळीत मारतात. हे आंबट ताक. अंगाला चोळलं की दुपारपर्यंत उतरेल. धरा."

ओशीनं डोळे मिटून घेतले.

तुंबकबुवा ताकाच्या मडक्यात बघत बसले. "मला का निवडलं माहितेय? पांढरेवाले, काळेवाले, मातकटवाले भांडत होते तेव्हा मी झोपलो होतो. कुणाच्याच बाजूनं बोललो नाही. एकतीस वर्षं झाली तिथं. कुणी बघतसुद्धा नव्हतं माझ्याकडे. काल अख्खा गाव बघत होता."

"हसत होता," हुमेल म्हणाली.

"बघितल्याशिवाय हसतील कसे?"

"आणि तुम्ही असेच हिरवे राहिलात तर?" ओशीनं हळूच विचारलं.

"मग दुसरा निवडायला लागेल. त्याला तिन्ही बाजूंचं एकमत लागतं."

"आणि रांजण फोडायचा हुकूम?"

"तो थोरल्यानंच काढायचा असतो."

मग तुंबकबुवांनी मडकं उचललं, तोंडाला लावलं आणि घटाघट ताक पिऊन टाकलं. हिरव्या गळ्याची घाटी वरखाली होताना हुमेल बघत राहिली.

"आंबट आहे फार," मिशी पुसत ते म्हणाले. "पुढच्या वेळी मीठ टाकत जा जरा."