पंपामागचा बांध

बुदैयाच्या बाजूला एका जुन्या शेतात झऱ्याच्या पाण्याचा हौद आहे, आणि त्याच्यातून निघालेले पाट. दर शुक्रवारी सकाळी शमा तिथे जाऊन कासवं मोजायची. सहा वर्षं झाली, तिचा शुक्रवार सहसा चुकला नव्हता.

शमा मूळची हर्णैची, आता आखातात राहणारी. मनामातल्या एका दवाखान्यात लॅब टेक्निशियन, नवरा उबेद मीना सलमान बंदरातल्या वर्कशॉपमध्ये. लेक सुमय्या आठ वर्षांची असताना हट्ट धरून तिने बाजारातून बिस्किटाएवढं कासव आणलं होतं. कानामागे लाल पट्टा, अंग हिरवंगार. दोन वर्षांत ते ताटलीएवढं झालं आणि घरात वास मारायला लागलं. कुणीतरी सांगितलं, बुदैयाच्या शेतातल्या हौदात सोडून ये, सगळे सोडतात. शमा कासव बादलीत घालून गेली, तर शेताचे म्हातारे मालक, ज्यांना सगळे हाजी म्हणत, फाटकातच आडवे आले. "आधीच फार झालीत बेटा. खलास." मग त्यांनी तिला हौद दाखवला. मानेवर पिवळ्या रेघा असलेली काटकुळी, लाजरी कासवं इथली. आणि त्यांना उन्हाच्या दगडावरून ढकलून देऊन वर बसलेली, लाल पट्ट्यांची, लोकांनी आणून सोडलेली. मुळात अमेरिकेतल्या नद्यांमधली. शमा आपलं कासव परत घेऊन आली, बाल्कनीतल्या टबात ठेवलं, आणि पुढच्या शुक्रवारपासून वही घेऊन शेतात जाऊ लागली.

हळूहळू अजून आठ-दहा लोक जमले, गट झाला. पण कासवांचं काही विचारायचं तर सगळे शमालाच विचारत. हे तिला आवडत होतं. किती आवडत होतं, हे तिला निधी आल्यावर कळलं.

निधी पुण्याची. नवऱ्याला सीफमधल्या बँकेत नोकरी लागली म्हणून इथे आली. वय तीसच्या आत. अमेरिकेत शिकताना दोन उन्हाळे तिने दलदलीत कंबरभर पाण्यात उभं राहून हीच लाल पट्ट्यांची कासवं पकडली, मोजली, सोडली होती. अदलियातल्या एका कॅफेत तिने गटाला त्याबद्दल सांगितलं. तिकडे ही कासवं आपापल्या नदीत किती शोभतात. मादी अंडी घालायला पाण्यापासून कितीतरी लांब चालत जाते आणि रस्त्यात गाडीखाली येते. घरटं जास्त तापलं तर सगळी पिल्लं माद्याच निघतात. तिथल्या जंगलातली, कवच डबीसारखं मिटून घेणारी कासवं चोर मोज्यांत गुंडाळून परदेशी पाठवतात, आणि एक मादी गेली की पन्नास वर्षांची अंडी गेली.

"कासव कुठलंच वाईट नाही," निधी म्हणाली. "त्याला उचलून भलतीकडे नेणारा हात वाईट."

लोकांनी टाळ्या वाजवल्या. शमाने कॉफीचा घोट घेतला. हेच ती गेली सहा वर्षं सांगत होती, फक्त तिला असं सांगता आलं नव्हतं. आणि शेजारी बसलेली सुमय्या, जी वर्षानुवर्षं शुक्रवारी पांघरुणातून बाहेर यायची नाही, ती वहीत भराभर लिहीत होती. गाडीत बसल्यावर म्हणाली, "मम्मा, शी इज अमेझिंग. कॅन आय कम ऑन फ्रायडे?"

"ये की," शमा म्हणाली. तिने गाडी जरा जोरातच वळवली.

एप्रिलच्या शेवटी निधीने बेत मांडला. लाल पट्ट्यांची कासवं पिंजऱ्यांत धरून बंदिस्त टाक्यात हलवायची, आणि इथल्या माद्या अंडी घालतात ती जागा जाळी लावून राखायची. ती वही घेऊन शमाजवळ आली. "ताई, तुमच्याइतकं हे शेत कुणाला माहीत नाही. अंडी नेमकी कुठे घालतात?"

शमाला जागा ठाऊक होती. जुन्या पंपामागचा मऊ मातीचा बांध. दर मे महिन्यात तिथे माद्यांनी उकरलेलं तिने पाहिलं होतं. वहीत मात्र लिहिलं नव्हतं. निधीच्या मागे सुमय्या उभी होती, निधीसारखीच टोपी घालून.

"पलीकडे," शमा म्हणाली. "खजुरांच्या रांगेत."

तिला वाटलं, फार तर आठवडाभर शोधेल आणि परत विचारायला येईल. निधी आली नाही. तीन शुक्रवार ती खजुरांखाली गुडघ्यांवर बसून माती चाळत राहिली. घरटं सापडेना, तरी शमाताईंनी सांगितलंय म्हणून तिने पूर्ण रांगेला जाळी मारली. शमा लांबून बघत होती. मनाला गुदगुल्या होत होत्या आणि त्याच वेळी स्वतःची लाजही वाटत होती. दर वेळी ती ठरवायची, आज सांगू. मग सुमय्या निधीला पाण्याची बाटली नेऊन द्यायची, आणि शमाचं सांगायचं राहून जायचं.

मेच्या अखेरीला हाजींना नवी पाइपलाइन टाकायची होती. भला माणूस, त्यांनी निधीला विचारलं, कुठे खणू नको? तिने खजुरांची रांग दाखवली. बाकी कुठेही चालेल म्हणाली.

शुक्रवारी शमा पोचली तेव्हा पंपामागे चर खणलेला होता. उपसलेल्या मातीत अंड्यांची लांबट पांढरी कवचं फुटून पडली होती, काहींत पिवळं सुकलेलं. ती खाली बसली. तीन घरटी तर सरळ गेली होती. बांधाच्या टोकाशी एक शाबूत होतं.

गट जमला. निधीचा चेहरा पांढरा पडला होता. "माझी चूक आहे," ती म्हणाली. "मला जागा ओळखता आली नाही."

सुमय्याने निधीकडे पाहिलं. त्या नजरेतलं कौतुक विझत होतं. याचीच तर शमा दोन महिने वाट बघत होती. क्षणभर तिला बरंही वाटलं. तेच तिला सहन झालं नाही.

"तिची नाही," शमा म्हणाली. "मला ही जागा माहीत होती. मी मुद्दाम खोटं सांगितलं."

मग निधीने विचारलं, "का?"

"तू आलीस आणि मला कुणी विचारेना झालं. घरातसुद्धा."

निधीने मातीतलं एक फुटकं कवच उचललं. "ताई, तीन आठवडे मला वाटत होतं मी जे शिकले ते सगळं फुकट. रात्री झोप नव्हती मला." एवढं बोलून ती खजुरांखालची जाळी उचलायला गेली. सुमय्या आईकडे न बघता तिच्या मागे गेली.

पुढचे दोन महिने शमा शेतात गेली, पण एकटीच, सकाळी लवकर. उरलेल्या घरट्यावर निधीने जाळी लावली होती, ती शमा लांबूनच बघायची. सुमय्या घरी कामापुरतं बोलायची. उबेद एकदा म्हणाला, "कबूल केलंस ना? मग?" पण कबूल करून शमाचा हेवा काही गेला नव्हता.

ऑगस्टमध्ये ती दवाखान्यात रक्ताचे नमुने लावत होती, तेव्हा फोनवर सुमय्याने पाठवलेला फोटो आला. निधीच्या तळव्यावर चार पिल्लं, मानेवर पिवळ्या रेघा, आणि बाजूला हसणारा सुमय्याचा चेहरा. सहा वर्षांत शमाने एकही पिल्लू बाहेर पडताना पाहिलं नव्हतं. तिने फोन उलटा ठेवला. जळजळ अगदी पहिल्या दिवसासारखीच होती, काही म्हणता काही कमी झाली नव्हती. तिने उरलेले नमुने संपवले, हात धुतले, आणि बाहेर जिन्यात येऊन निधीला फोन लावला.

"बोला ताई," निधी म्हणाली. आवाज कोरडा होता.

"फोटो पाहिला. छान आहेत." शमा म्हणाली. "निधी, उत्तरेच्या पाटाला लागून लसूणघासाचा तुकडा आहे ना, त्याच्या कोपऱ्यातही अंडी घालतात. ही जागा मी त्या दिवशीसुद्धा सांगितली नव्हती. माझ्यापाशीच राहू दे, असं वाटलं होतं."

पलीकडून कागद उलटल्याचा आवाज आला.

"पाटाच्या कुठल्या बाजूला?" निधीने विचारलं. "थांबा. फोनवर नको. शुक्रवारी तुम्हीच दाखवा. सहाला पोचा, नंतर ऊन होतं."