मागून घेतलेल्या तारखा

फ्रेमवाल्याचा वकील पहिल्याच भेटीत खरं बोलला होता. "केस आपल्या बाजूची नाही. करार संपलाय आणि मालकीणबाईंची गरजही खरी आहे. पण निकालाला वेळ लागतो, आणि तो वेळ आपला."

गरज साधी होती. मालकीणबाई निवृत्त नर्स, वरच्या मजल्यावर राहायच्या. अर्धांगवायूने नवऱ्याचे पाय गेले आणि जिना त्यांना कायमचा बंद झाला, म्हणून बाईंनी खालच्या खोल्या परत मागितल्या. त्या खोल्यांत पुढे फोटोफ्रेमचं दुकान आणि मागे फ्रेमवाल्याचा संसार. बसलेला जम सोडून जायचं कुठे? त्याने साफ नकार दिला आणि प्रकरण कोर्टात गेलं.

मग तारखा सुरू झाल्या. कधी वकिलाला दुसरीकडे काम निघायचं, कधी फ्रेमवाल्याची पाठ धरायची, तीही नेमकी तारखेच्या सकाळी. मध्येच न्यायाधीश बदलले. बाई दर वेळी शेजारणीला नवऱ्यापाशी बसवून यायच्या, बाकावर थांबायच्या आणि पुढची तारीख ऐकून परतायच्या. फ्रेमवाल्याला त्यात वावगं वाटत नव्हतं. उशीर कोर्ट करतं, आपण नाही, असं तो बायकोला समजावायचा. राहता राहिली पाठ, तर ती थोडीफार दुखतेच की!

वरच्या खिडकीत बाईंचे यजमान बसलेले असत. सुरुवातीला ते खाली बघून मान हलवायचे. एकदा त्यांनी वरूनच विचारलं होतं, "दारातल्या झाडाचा बुंधा केवढा झाला हो? मला नुसता शेंडा दिसतो." फ्रेमवाल्याने हाताने माप दाखवलं होतं. पुढेपुढे त्यांनी खाली बघणं सोडून दिलं.

अशी काही वर्षं गेली आणि एका दुपारी ते वारले.

जिना अरुंद होता. खाली आणायला माणसं कमी पडली, तेव्हा फ्रेमवाल्यानेही खांदा दिला. वळणावर सगळे अडकले. तेव्हा वरून बाई म्हणाल्या, "जरा हळू. भिंतीला डोकं लागेल त्यांचं." तेवढंच.

पुढच्या आठवड्यात वकिलाने त्याला बोलावून घेतलं. स्वारी खुशीत होती. बाईंनी जागा नवऱ्यासाठी मागितली होती. नवराच राहिला नाही म्हटल्यावर गरज संपली. तसा अर्ज टाकला की केस आपल्या खिशात!

घरी थोरली बहीण आली होती. तिला त्याने ही बातमी सांगितली, पण सांगताना आवाज हवा तसा निघेना. ताईने सगळं ऐकून घेतलं.

"म्हणजे तो माणूस मेला म्हणून तू जिंकणार," ती म्हणाली.

"ताई, मी काही त्याला मारलं नाही. कोर्टाला उशीर झाला."

"कोर्टाला होणारा उशीर होताच. त्यात तू किती घातलास? दर वेळी पाठ तुझीच दुखत होती ना? जागेसाठी भांडायचा हक्क तुला होता, मी नाही म्हणत नाही. मग भांडायचंस की उभं राहून. तू भांडलासच नाहीस, नुसती वाट बघितलीस. आणि कशाची बघत होतास, ते आता कळलं."

दुकानात जाऊन त्याने पट्टी कापायला घेतली. दोनदा माप चुकलं, तशी करवत खाली ठेवली.

तारखेला तो स्वतः उभा राहिला आणि जागा सोडतो म्हणाला. वकील त्याची बाही ओढत होता. न्यायाधीशांनी पुन्हा विचारलं, तेव्हाही त्याने तेच सांगितलं.

बाहेर आल्यावर त्याने बाईंपुढे हात जोडले. "बाई, चुकलं माझं."

बाई रागावल्या नाहीत. "माझेही गुडघे गेलेत. मी येईन खाली राहायला," त्या म्हणाल्या. "पण त्यांना दारात बसायचं होतं हो." आणि त्या पायऱ्या उतरू लागल्या.

फ्रेमवाल्याने दोन गल्ल्या पलीकडे दुकान थाटलं. गिऱ्हाईक थोडं तुटलं, थोडं मागोमाग आलं. ज्या भीतीपायी एवढं केलं, ती एवढीशी निघाली.

वाचकहो, न्याय उशिरा मिळतो अशी तक्रार आपण सगळेच करतो, आणि ती खोटी नाही. अपुरे न्यायाधीश आणि तुंबलेली कामं हे सगळं खरंच आहे. पण त्या ढिगात आपण मागून घेतलेल्या तारखाही असतात. आपली बाजू हक्काने मांडावी, हरलो तर वर दाद मागावी. मात्र उशिरालाच आपली बाजू करू नये. कारण आपण लांबवलेला प्रत्येक दिवस समोरच्याच्या आयुष्यातून जातो, आणि तो परत देण्याचा हुकूम कुठलंच कोर्ट काढू शकत नाही.