फोन उचलायचा नाही

नियम माझाच होता. रोज सकाळी आठला वन्संनी मला मिस्ड कॉल द्यायचा, लगेच मी त्यांना द्यायचा. एक रिंग वाजली की कट. दोघी जिवंत आहोत एवढं कळलं की झालं. फोन उचलायचा नाही.

वन्सं म्हणजे माझी नणंद. वय एक्क्याऐंशी, शहराच्या दुसऱ्या टोकाला चौथ्या मजल्यावर एकट्या. मी अठ्ठ्याहत्तरची, माझ्या दोन खोल्यांत एकटी. आमचे हे गेल्यापासून आम्हाला एकमेकींशिवाय कुत्रं विचारत नव्हतं. पण वन्सं बोलायला लागल्या की तासभर कान किटवायच्या. गुडघा, बंद लिफ्ट, फोन न करणारा मुलगा. एक दिवस माझं डोकं फिरलं. म्हटलं, खुशाली कळली की पुरे, बाकीचं पुराण नको. जन्मभर मला धारेवर धरणाऱ्या बाईनं ते निमूट ऐकून घेतलं आणि खोटं कशाला सांगू, मला बरं वाटलं.

मंगळवारी रिंग थांबेना. मी दूध तापवत होते. नियम म्हणजे नियम, म्हणून हलले नाही. पुन्हा वाजला. मीही हट्टाला पेटले. वाजायचा थांबल्यावर माझा मिस्ड कॉल तेवढा देऊन टाकला.

बुधवारी फोन आलाच नाही. साडेआठला माझी पाचावर धारण बसली. टॅक्सीनं गेले, शेजारणीकडच्या किल्लीनं दार उघडलं. वन्सं न्हाणीघराच्या दारात पडलेल्या, खुब्याचं हाड मोडलेलं, पण शुद्धीवर.

हॉस्पिटलात त्यांचा हात धरून मी ढसाढसा रडले. तुम्ही पडून मदत मागत होतात आणि मी मेली दूध बघत बसले, म्हटलं.

"तेव्हा नव्हते पडले," त्या म्हणाल्या. "पडले दुपारी. सकाळी नुसतं बोलावंसं वाटलं."

"मग आता बोला, वन्सं. मी दिवसभर बसते."

त्यांनी भिंतीकडे तोंड फिरवलं. "नको, वहिनी. बोलायची सवय मोडली माझी."

काहीतरी बोला, निदान मला शिव्या तरी द्या, म्हणून मी विनवण्या करत राहिले. भेटीची वेळ संपली तरी त्या एक शब्द बोलल्या नाहीत.