होडी किनाऱ्याला लागेना

मित्रांनो, मी एक जुना लाँचर आहे. नाव ऐकून दचकू नका, माझ्यातून अग्निबाण वगैरे सुटत नाहीत. संगणकावरचा खेळ सुरू होण्याआधी जी एक खिडकी उघडते, 'थांबा, तपासतो आहे' म्हणते आणि तुमचा जीव टांगणीला लावते, ती खिडकी म्हणजे मी. तुम्ही माझ्याकडे कधी धड पाहिलेही नसेल. दाराकडे कोण बघतो? सगळ्यांना आत जायची घाई.

दोन टेबले आणि एक कुरकुरणारा पंखा असलेल्या खोलीत माझा जन्म झाला. तिथे एक बहीण आणि तिचा धाकटा भाऊ खेळ तयार करत. बहिणीला सगळे ताई म्हणत. भावाला छोटू म्हणत, जरी तो ताईंपेक्षा हातभर उंच होता आणि दाराच्या चौकटीवर कपाळ आपटून घेण्याची त्याला सवयच लागली होती. दोघांनी 'वल्हेकरी' नावाचा खेळ केला होता. त्यात एक होडी असते आणि वल्हे मारत पलीकडच्या किनाऱ्याला जायचे असते. आधी अरुंद ओढे लागतात, मग नदी रुंद होत जाते. खेळ एवढाच. पण छोटूने पाणी असे रंगवले होते की बघणाऱ्याला त्यात पाय सोडून बसावेसे वाटे.

खेळ लोकांना आवडला आणि पाठोपाठ त्याच्या नकली प्रतीही फिरू लागल्या. म्हणून ताईंनी मला घडवून दारावर बसवले.

माझे काम तसे सोपे आहे. कोणी 'वल्हेकरी' उघडला की मी ताईंच्या खोलीतल्या मोठ्या संगणकाला विचारतो, 'ही प्रत यांच्याच नावावर आहे ना?' तिकडून होकार आला की मग मी फाइली तपासतो. प्रत्येक फाइलचा एक ठसा असतो, आपल्या अंगठ्याच्या ठशासारखा. फाइलमधले एक अक्षर जरी कोणी इकडचे तिकडे केले तरी ठसा बदलतो आणि मला ते लगेच कळते. या बाबतीत माझा हात धरणारा कोणी नाही, हे मी जरा फुशारकीनेच सांगतो.

पण नकली प्रती बनवणारे माझ्याशी भांडत बसत नाहीत, ते मला टाळतात. खेळ सुरू होताना विचारत असतो, 'लाँचरदादा, ही प्रत आपलीच ना?' ते लोक खेळाच्या शेजारी एक चिमुकली फाइल ठेवून देतात, तिला माझे नाव देतात आणि ती माझ्या वतीने सांगून मोकळी होते, 'हो हो, आपलीच!' मी बापडा बाजूला बसलेला असतो. माझ्या नावाने दुसऱ्याच कोणीतरी मान डोलवावी, याचा मला फार राग येतो.

मग मी घरभर हिंडून त्या तोतयाला का पकडत नाही, असे तुम्ही विचाराल. ताईंनी मला पहिल्याच दिवशी बजावले होते, "आपल्या दाराशी येईल त्याचीच चौकशी करायची. लोकांच्या घरात डोकवायचं नाही." छोटूला हे मुळीच पटले नव्हते.

"मग काय, चोरांना वाट मोकळी?" तो फणफणला.

"संगणक त्यांचा आहे, छोटू. आपला फक्त खेळ आहे," ताई म्हणाल्या.

"ठीक आहे. मग मी माझ्या खेळातच बघतो काय ते!"

आणि त्याने खरेच बघितले. खेळाच्या पोटात त्याने एक गुपचूप तपासणी लपवली. नकली प्रत ओढ्यांपर्यंत अगदी गुण्यागोविंदाने चाले. पण रुंद नदी लागली की खेळ होकार देणाऱ्या लाँचरचाच ठसा तपासून बघे, आणि तो जुळला नाही तर काही न बोलता किनारा मागे सरकवत राही. होडी जवळ गेली की किनारा लांब. पुन्हा जवळ, पुन्हा लांब. जन्मभर वल्हे मारा!

मग गंमत सुरू झाली. लोक आपणहून मदत मागू लागले, 'होडी किनाऱ्याला लागत नाही, काय करू?' आणि आपल्याच तोंडाने सापडू लागले. ताई आणि छोटू यांची हसून हसून मुरकुंडी वळे. फोनवर कोणाची तक्रार आली की ताई गंभीर आवाज काढून पहिला प्रश्न तोच विचारत, "होडी किनाऱ्याला लागते का हो?" मला हसता आले असते तर मीही हसलो असतो.

मित्रांनो, लाँचरच्या हजारो प्रती असतात. त्यातला मी एक. माझ्या नशिबी एका इस्पितळातली व्यायामाची खोली आली. आजारपणात ज्यांचे हातपाय रुसले आहेत, अशी माणसे तिथे येत. भिंतीवर बोटांनी चढायची लाकडी शिडी होती, दाबायचे रबरी चेंडू होते आणि मळून मळून मऊ झालेले रंगीत गोळे होते. ती खोली सांभाळणाऱ्या बाईंना वाटले, हाताच्या व्यायामाला 'वल्हेकरी' छान आहे. त्यांनी संगणकाला वल्ह्यासारखी एक मूठ जोडून घेतली आणि खेळ बसवायला दुरुस्तीवाल्याला बोलावले. त्याने आधी मला बसवले. पण खोलीत अजून इंटरनेट आले नव्हते. तेव्हा त्याने खिशातला पेन ड्राइव्ह काढला आणि तोतयासकट एक आयती प्रत टाकून दिली.

"झालं बाई, चालतंय बघा," तो म्हणाला. बाईंना काय कल्पना! त्यांनी त्याला चहा पाजला.

तेव्हापासून मी पडद्याच्या कोपऱ्यात, घड्याळाशेजारी बसून राहिलो. माझी खिडकी रिकामी होती आणि मला कोणी उघडत नव्हते. पुढे इंटरनेट आले तरीही कोणाला माझी आठवण झाली नाही. डोळ्यांदेखत माझ्याच घरचा खेळ चाले आणि दारावर बसलेला असे तो तोतया. असे दिवस फार वाईट असतात.

एके दिवशी तिथे मास्तर आले. शाळेचे नव्हेत, शिवणकामाचे. कापड बेतण्यात त्यांचे मोठे नाव होते म्हणे. पण अर्धांगाचा झटका आला आणि उजवा हात निकामी होऊन पडला. सोबत काकू, म्हणजे त्यांच्या पत्नी असत. मास्तरांची एक जाडजूड कात्री होती. तिला इतकी वर्षे त्यांच्याशिवाय कोणी हात लावला नव्हता. पुन्हा ती कात्री धरायची, एवढे एकच त्यांना हवे होते.

पहिल्या दिवशी त्यांची बोटे मुठीभोवती मिटेनात. बाईंनी ती एकेक करून मिटवली. हळूहळू मास्तर वल्हे ओढू लागले आणि एक दिवस पहिला ओढा पार झाला.

"वा! आता मला फिरायला न्या होडीतून," काकू म्हणाल्या.

"तू बसलीस तर बुडेल ती," मास्तर म्हणाले, आणि कित्येक दिवसांनी दोघे हसले.

मग दुसरा ओढा झाला, तिसरा झाला. बाकीचे पेशंट ओढ्यांवरच थांबत, तेवढ्यात त्यांचा व्यायाम उरके. मास्तर मात्र हट्टी. ते रुंद नदीला भिडले.

पुढे काय झाले ते तुम्ही ओळखले असेलच. मास्तर घाम गाळत वल्हे ओढायचे. किनारा वीतभर जवळ यायचा, त्यावरची झाडे दिसायची, आणि पुन्हा सारे मागे सरकायचे. दुसऱ्या दिवशी तेच, तिसऱ्या दिवशीही तेच. बाई म्हणत, "दम धरा मास्तर, जोर वाढेल." त्या प्रामाणिकपणे सांगत होत्या. नदीच्या त्या टोकाला त्यांच्याकडचे कोणी गेलेच नव्हते, मग त्यांना तरी कसे कळावे? मी कोपऱ्यात बसून सगळे बघत होतो. मला दिसत होते आणि सांगता येत नव्हते. माझ्या दाराशी कोणी आलेच नव्हते ना!

शेवटी एका दुपारी मास्तरांनी मूठ सोडून दिली.

"बाई, हात गेला तो गेलाच. उगाच तुमचा वेळ खातोय मी." मग ते काकूंकडे वळले. "कात्री दुकानातल्या कारागिराला देऊन टाक. गंजण्यापेक्षा बरी."

"अहो, असं काय बोलता?"

"दे म्हणतो ना! उद्यापासून मी इथे येणार नाही."

काकूंना रडू येत होते, आणि रडू आले की त्या चिडत.

"सरका बघू. एवढी काय ती नदी! मला बघू दे, मला लागते का ही होडी!" असे म्हणत त्यांनी माउस हातात घेतला. तो त्यांनी जन्मात धरलेला नव्हता. इकडे तिकडे भिरभिरत बाण नेमका माझ्यावर येऊन आदळला, आणि मी उघडलो. इतक्या दिवसांनी! मी इतका गडबडलो की क्षणभर नुसता पांढरा पडदाच दाखवला.

"अगंबाई, हे काय केलं मी?" काकू घाबरल्या.

"काही नाही काकू. यातूनही उघडता येईल बहुतेक," बाई म्हणाल्या आणि त्यांनी तो खेळ माझ्या खिडकीत जोडला. दुसऱ्या कोणाचा खेळ असता तर मी मुकाट्याने उघडून दिला असता, तसा नियमच आहे. पण हा तर माझ्या घरचा होता आणि स्वतःहून माझ्या दाराशी आला होता. मी ठसे जुळवले. तोतयाचा ठसा काही जुळेना. नियमाप्रमाणे मी छोटूने लिहून ठेवलेली पाटी दाखवली. लालभडक अक्षरांत, 'हा खेळ चोरीचा आहे!' आणि खाली मदतीचा फोन नंबर.

बाईंचा चेहरा पडला. "चोरीचा? मास्तर, मला खरंच माहीत नव्हतं हो." त्यांनी तिथल्या तिथे फोन लावला आणि सगळ्यांना ऐकू यावे म्हणून स्पीकर चालू केला. पलीकडे ताईच होत्या. बाईंनी सगळे सांगितले. मग ताईंनी सवयीने तोच प्रश्न विचारला, "होडी किनाऱ्याला लागते का हो?"

"नाही ना! आमचे मास्तर किती दिवस झगडताहेत. आज तर हात टेकले त्यांनी. हातात दमच उरला नाही म्हणतात."

ताई हसल्या नाहीत.

"बाई, ते... ते आम्हीच केलेलं आहे," ताईंचा आवाज बारीक झाला. "नकली प्रतीत किनारा मागे पळतो. तिथे होडी कोणाच्याच हातून लागत नाही."

मास्तर पुढे वाकले. "कोणाच्याच नाही?"

"कोणाच्याच नाही. मी मुद्दाम प्रयत्न करूनही नाही लागली."

"म्हणजे माझा हात नाही, तो किनारा पळत होता!" मास्तर म्हणाले. "अगं ऐकलंस का? टेपच खोटी होती, आणि मी म्हणतोय मला माप घेता येत नाही!" असे म्हणून ते हसायला लागले, हसता हसता डोळे पुसायला लागले, आणि डोळे त्यांनी उजव्या हाताने पुसले. चोरीचा माल निघाला म्हणून इतका आनंदलेला माणूस मी त्याआधी पाहिला नव्हता. ताई फोनवर पुन्हा पुन्हा माफी मागत होत्या, आणि मास्तर म्हणत होते, "अहो, तुम्ही सांगितलंत हेच फार झालं."

ताई नवी प्रत तशीच द्यायला तयार होत्या. बाईंनी ऐकले नाही, त्यांनी ती रीतसर घेतली. मी तोतयासकट जुनी प्रत काढायला लावली, नवी उतरवून घेतली आणि एकेक ठसा तपासला. सगळे जुळले. माझ्या रिकाम्या खिडकीत पहिल्यांदा एक खरा खेळ आला. मास्तरांना सगळे ओढे पुन्हा पार करावे लागले, पण ते ओढे आता त्यांच्या हाताखालून गेलेले होते. रुंद नदीत मात्र ते पहिल्या वेळी अर्ध्यावरच थकले. दुसऱ्या वेळीही पोचले नाहीत. फरक एवढाच की किनारा आता जागचा हलत नव्हता. मग एका सकाळी होडीचे नाक वाळूला लागले आणि किनाऱ्यावरची घंटा वाजली.

"लागली की हो!" काकू ओरडल्या, इतक्या मोठ्याने की शेजारच्या खोलीतली माणसे धावत आली. मास्तर मात्र काकूंकडे वळले.

"कात्री दिलीस त्याला?" त्यांनी हळूच विचारले.

"तुमच्या सांगण्यावर मी कधी लगेच धावले आहे का?" काकू म्हणाल्या. "कपाटात आहे. जागच्या जागी."

काही दिवसांनी मला ताईंकडून नवी आवृत्ती आली. छोटूने तो पळणारा किनारा काढून टाकला होता. बाईंचा फोन आला त्या दिवशी त्याने जेवणही धड केले नाही म्हणे. "मला वाटलं, याची झळ चोरालाच लागेल," एवढेच तो म्हणाला. आता नकली प्रतीतली होडी नदीच्या मध्यावर थांबते. तिथे एक पाटी आहे आणि तिचे शब्द छोटूनेच लिहिले आहेत, 'ही प्रत आमच्या घरची नाही, म्हणून होडी इथून पुढे जाणार नाही. तुमच्या वल्ह्यात खोट नाही.' माझी लालभडक पाटीही गेली. आता मी शांतपणे सांगतो, 'या प्रतीची ओळख पटली नाही. खरी प्रत इथे मिळेल.' त्या पाटीवरून कितीजण खऱ्या प्रतीकडे येतात ते मला ठाऊक नाही, पण काहीजण येतात. आणि दुरुस्तीवाला पुढच्या खेपेला आला तेव्हा बाईंनी त्याला चहा दिला, पण पेन ड्राइव्ह खिशातच ठेवायला सांगितला.

मित्रांनो, आता मी म्हातारा झालो आहे. माझ्या जागी नवा लाँचर येणार असे ऐकतो. जाण्याआधी एवढेच मागतो. कोणी रात्रंदिवस खपून खेळ केला असेल तर तो त्याच्या दारातून घ्या. आणि कोणाला 'नाही' म्हणायची वेळ आली तर तोंडावर नीट सांगा. गुपचूप किनारा मागे ओढू नका. समोरचा माणूस स्वतःच्याच हाताला दोष देत बसतो.

रोज संध्याकाळी बाई संगणक बंद करतात आणि त्याच्यावर निळ्या कापडाची खोळ घालतात. तिचे कापड मास्तरांनी स्वतः कापले आहे आणि शिवणही त्यांचीच आहे. ती एका बाजूने बरीच वाकडी गेली आहे. मास्तर म्हणाले, "द्या, उसवून सरळ करून आणतो." बाईंनी खोळ दिलीच नाही.