हातात: फूल, एक

शिडीने बाविसावी तक्रार बंद केली, हेडफोन मानेवर उतरवला आणि पडद्याच्या वरच्या कोपऱ्यातला आकडा बोटाने पुसून पाहिला. पुसला गेला नाही. तिथे खरंच शून्य होतं.

शिडी हे त्याचं नाव नव्हतं. उंचीमुळे आणि धंद्यामुळे पडलं होतं. डोंगरदऱ्यांनी भरलेल्या एका व्हिडिओ गेममध्ये लाखभर लोक दिवसरात्र भटकत. भटकता भटकता खड्ड्यात पडत, दोन दगडांच्या फटीत जाऊन बसत. एक गृहस्थ तर आपल्याच घोड्यात अडकले होते. मग हे सगळे या तळघरात फोन करत. शिडी एक बटण दाबे आणि माणूस गावाच्या वेशीवर सुखरूप उभा राही, फक्त दोन्ही हात रिकामे. हातात जे असेल ते जाई, त्याला इलाज नव्हता. तीन वर्षांत त्याने अकरा हजार लोक बाहेर काढले होते. गेम मात्र एकदाही पाहिला नव्हता. कामावर कुणी खेळत बसू नये म्हणून तो ऑफिसच्या मशीनवर घातलेलाच नव्हता, आणि घरच्या मशीनला झेपत नव्हता. त्याच्यापुढे फक्त ओळी येत: जागा, किती वेळ अडकले, हातात काय.

भिंतीवर तीन सदतीस झाले होते. समोरच्या टेबलापाशी मॅडम बसल्या होत्या आणि त्यांच्या मागे लोखंडी कपाट होतं. नोकरीला लागताना प्रत्येकाचे मूळ दाखले त्या कपाटात जात. परत मिळत ते तीन महिन्यांतून एकदा, शेवटच्या कामाच्या दिवशी, चार वाजेपर्यंत, आणि तेही ज्याच्या नावावर एकही उघडी तक्रार नाही त्यालाच. शिडीचा राजीनामा अकरा वेळा लिहून झाला होता. अकराही वेळा आकडा एकावर नाहीतर दोनावर अडून बसला होता.

आजचं मात्र निराळं होतं. नदीवर माणसं पलीकडे नेणाऱ्या बोटीवर भावजींनी त्याच्यासाठी जागा धरून ठेवली होती. सोमवारी हजर व्हायचं, पोहण्याचा मूळ दाखला घेऊन. दाखला नसेल तर जागा भावजींच्या मेव्हण्याला जाणार होती. भावजींचा मेव्हणा म्हणजे शिडीच. पण भावजींना चुलतही मेव्हणे होते आणि त्यांचे दाखले घरी होते.

तो उठला. खिशातलं पत्र काढलं. तेवढ्यात मानेवरच्या हेडफोनमधून टुंग झालं आणि कोपऱ्यातल्या शून्याचा एक झाला.

फोन इथे आपोआप उचलला जाई. आणि ज्याच्या कानात पडला त्याच्याच नावावर लागे.

शेजारच्या खुर्चीतला, ज्याला सगळे खाऊ म्हणत तो, चणे चघळत म्हणाला, “गेलास.”

शिडी खाली बसला. “नमस्कार, आपण कुठे अडकला आहात?”

“माणूस बोलतोय की मशीन?” बाईंचा आवाज होता, वयस्कर पण खणखणीत.

“माणूस.”

“नक्की ना? काल एका मशीनने पण असंच सांगितलं.”

“नक्की, मावशी. तुम्ही खड्ड्यात आहात. एकोणीस तास झालेत. मी बटण दाबतो, तुम्ही वेशीवर जाल, मग फक्त ‘माझी अडचण सुटली’ एवढं म्हणा. ते रेकॉर्ड व्हावं लागतं.”

“ए, थांब. बटणाला हात लावशील तर बघ.”

शिडीने बोट मागे घेतलं. तेव्हा त्याने शेवटची ओळ वाचली. हातात: फूल, एक.

फूल म्हटल्यावर त्याला कळलं. ते फूल आहे म्हणणारे आणि नाही म्हणणारे असे गेममध्ये दोन पक्ष होते आणि दोन्ही पक्ष भांडायला अधूनमधून इथेच फोन करत. सगळ्या डोंगरात मिळून ते एका माणसाला एकदाच दिसतं म्हणे. जपून खुडायचं. खाली ठेवलं की विरघळतं. अकरा हजार माणसांत त्या ओळीत फूल पाहिल्याचं त्याला आठवत नव्हतं. काठ्या, मासे, एकदा दुसऱ्याची चप्पल.

“मला एवढंच सांग,” मावशी म्हणाल्या, “हे घेऊन वर कसं यायचं?”

“येता येत नाही. चढायला दोन्ही हात लागतात.”

“ते मलाही दिसतंय. म्हणून तर फोन केला. तुमच्याकडे काही युक्ती असेल.”

“आमच्याकडे बटण आहे.”

“बटणाने फूल राहतं?”

“नाही.”

“मग तू कशाला आहेस तिथे?”

खाऊने चणे चघळायचं थांबवून सहानुभूतीने मान हलवली. फोन आपण होऊन ठेवायला कुणालाच परवानगी नव्हती. घड्याळात तीन बेचाळीस झाले होते.

“फोटो काढून ठेवा ना,” शिडी म्हणाला. “मग बाहेर या.”

“फोटो! आमच्या दादाला फोटो दाखवू? म्हणेल, कुठून उचललास. साठ वर्षं माझ्या एका शब्दावर विश्वास ठेवला नाही त्याने. मी आयुष्यभर नकाशे कापडावर चिकटवायचं काम केलं, तर हा म्हणतो, तुला रस्ते काय कळतात. चार वर्षं दोघं हे फूल शोधतोय, तो त्याच्या गावी, मी इथे. गेल्या महिन्यात म्हणाला, फूलबील काही नाही, कंपनीने पसरवलेली अफवा आहे. आणि काल गेममध्ये मी पाय घसरून पडले, तर खाली हे. रविवारी येतोय तो. माझा पाय प्लास्टरमध्ये आहे म्हणून बघायला. पाय बघायला! ये म्हणावं. दोन दिवस मी खड्ड्यात उभी राहते, मला काही जड नाही. तशीही पलंगावरच आहे.”

“मावशी, तसं उभं राहता येत नाही,” शिडी म्हणाला, आणि इथे त्याचं चुकलं. तीन वर्षं पाठ केलेली माहिती तोंडातून आपोआप बाहेर पडली. “रोज चार वाजता झाडू फिरतो. अर्ध्या दिवसाच्या वर अडकलेल्या सगळ्यांना मशीन स्वतःच वेशीवर नेऊन टाकतं. तक्रार उघडी असली तरच सोडतं.”



“म्हणजे माझी तक्रार उघडी आहे तोवर मला कुणी हात लावणार नाही?”

शिडीने डोळे मिटले. “नाही.”

“मग असू दे की उघडी! किती गुणाचा आहेस. रविवारी फोन करते आणि म्हणते ते काय म्हणायचं ते.”

खाऊने चण्यांची पुडी शिडीसमोर सरकवली. शिडीने एक चणा घेतला आणि तो हातातच धरून बसला. समोर मॅडम टेबल आवरू लागल्या होत्या. आधी शिक्का, मग शाईची डबी, मग पेनं, एकेक करून, जागच्या जागी.

“काय रे, रडतोयस का?”

“नाही.”

“मग असा श्वास का घेतोयस? पळत आल्यासारखा.”

सांगायचं काहीच कारण नव्हतं. घरच्या गोष्टी फोनवर बोलल्या तर वेगळा कागद भरावा लागे. पण शिडीने सांगितलं. कपाट सांगितलं, चार वाजता बंद होतं ते सांगितलं, बोट सांगितली. चुलत मेव्हणेही सांगितले.

“कसला दाखला म्हणालास?”

“पोहण्याचा.”

“आणि तळघरात बसतोस?”

“हो.”

मावशी हसल्या. आधी बेताने, मग अगदी पोट धरून, आणि मध्येच “आई गं, पाय” म्हणाल्या. शिडी वाट बघत राहिला. हसू ओसरल्यावर पलीकडे पलंग कुरकुरला असावा. पेल्यातलं पाणी पिऊन झाल्यासारखं वाटलं.

“बरं, ऐक,” त्या म्हणाल्या. आवाज एकदम वर्गात उभं राहून बोलणाऱ्या मुलीसारखा झाला. “माझी अडचण सुटली.”

“मावशी?”

“असंच म्हणायचं ना? की अजून काही? माझी अडचण सुटली, सुटली, सुटली. जा, पळ आता.”

फोन त्यांनीच ठेवला. कोपऱ्यातल्या एकाचं शून्य झालं. तीन त्रेपन्न.

शिडी टेबलापाशी पोचला तेव्हा मॅडमनी शेवटचं पेन ठेवलं होतं. त्यांनी पत्र वाचलं, पडद्यावर त्याचा आकडा पाहिला, चष्मा पुसून पुन्हा पाहिला.

“शून्य,” त्या म्हणाल्या. “अकरा वर्षांत मी इथे तिसरं बघतेय. पहिल्या दोघांपैकी एक वारला होता.”

त्यांनी शिक्का पुन्हा बाहेर काढला, शाईची डबी पुन्हा उघडली. पत्रावर शिक्का बसला. कपाट उघडलं. फायलींच्या गठ्ठ्यातून त्याची फाईल त्यांनी ओढून काढली. पोहण्याचा दाखला सगळ्यात वर होता, चार घड्यांचा, एका कोपऱ्याला ओल लागलेला. शिडीने तो छातीशी धरला. जीव भांड्यात पडला म्हणतात तसं त्याला झालं आणि तो डबा घ्यायला जागेवर परतला.

मशीन बंद करायला म्हणून वाकला, तर पडद्यावर शेवटच्या फोनच्या ओळी अजून तशाच होत्या.

जागा: तीच. किती वेळ: एकोणीस तास, एकवीस मिनिटं. हातात: फूल, एक. तक्रार: नाही.

वाचण्यात चुकलं असं वाटलं म्हणून त्याने पुन्हा वाचलं. फूल खाली ठेवून त्या केव्हाच चढून वर आल्या असतील, असं त्याने गृहीत धरलं होतं. खरं तर गृहीतही धरलं नव्हतं. तिकडे बघितलंच नव्हतं. आकडा एकवीसचा बावीस झाला.

तीन अठ्ठावन्न.

एक रकाना होता, सगळ्यात खाली, कुणी कधी न उघडलेला: कर्मचाऱ्याच्या स्वतःच्या नजरेस आलेली अडचण. शिडीने फाईल काखेत धरली आणि उभ्या उभ्या एका बोटाने तो भरला. जागा लिहिली. अडचणीचं स्वरूप या ओळीपाशी थोडा अडखळला. मग लिहिलं, ‘हात मोकळे नाहीत.’ बटण दाबलं. शून्याचा एक झाला.

“अरे अरे अरे,” खाऊ म्हणाला. “वेडा की खुळा!”

मॅडमच्या पडद्यावर सगळ्यांचे आकडे दिसत. त्यांनी मान वर केली. “शिडी. हा एक कुठून आला?”

तो त्यांच्या टेबलापाशी गेला. “त्या मावशी अजून खड्ड्यातच आहेत.”

“सुटलं म्हणाल्या ना? रेकॉर्ड आहे.”

“खोटं म्हणाल्या.”

“का?”

“माझ्यासाठी.”

मॅडमनी हात पुढे केला. कशासाठी ते दोघांनाही माहीत होतं. शिडीने फाईल टेबलावर ठेवली. ठेवली, पण तिच्यावरचा पंजा काही त्याला उचलता येईना. मॅडमनी फाईल ओढली नाही. त्या भिंतीवरच्या घड्याळाकडे बघू लागल्या, बस यायची वाट बघावी तशा, हाताची घडी घालून. खाऊही बघू लागला. सेकंदकाटा सहावर आला, नवावर आला, तिथे जरासा दमल्यासारखा झाला आणि मग चढून बारावर गेला.

“चार वाजले,” मॅडम म्हणाल्या. त्यांनी कपाटाला कुलूप लावलं आणि किल्ली पर्समध्ये टाकली. “चारनंतर मला काही देता येत नाही.”

शिडीने फाईलवरचा पंजा उचलला.

“घेताही येत नाही,” त्या म्हणाल्या. “उचल ते.”

त्याने फाईल उचलली.

“तक्रार ज्याने उघडली त्यालाच बंद करता येते. आणि तू सोमवारी इथे नसणार.”

“नाही.”

“मग बंद कोण करणार?”

शिडीने प्रामाणिकपणे विचार केला. “कुणीच नाही.”

“असं आपल्याकडे आधी कधी झालेलं नाही,” मॅडम म्हणाल्या. त्यांचा स्वर रागाचा नव्हता; स्वयंपाकघरात अनोळखी भांडं सापडावं तसा होता. त्यांनी पडद्यावरच्या त्या एकाकडे थोडा वेळ पाहिलं. मग विचारलं, “कसं आहे ते फूल?”

शिडीने तोंड उघडलं. सोळा मिनिटं तो त्या बाईशी बोलला होता. प्लास्टर माहीत होतं, दादा माहीत होता, नकाशे, साठ वर्षं.

“विचारलं नाही,” तो म्हणाला.

मॅडमनी पेनं ठेवलेल्या खणाशेजारचा खण उघडून एक जुना हेडफोन काढला, त्यावरची धूळ पदराने पुसली आणि मावशींच्या आधीच्या तक्रारीवरचा नंबर फिरवला. वर रस्त्यावर भावजी गाडीचा हॉर्न वाजवत होते. तळघरात तो दुरून, पाण्याखालून आल्यासारखा ऐकू येत होता. खाऊने डोळ्यांनी दाराकडे खूण केली. शिडी हलला नाही.

“हं,” मॅडम फोनवर म्हणाल्या. “नाही, नाही, कुणी हलवत नाही तुम्हाला. हो, गाढवच आहे तो. हं. बरं, मला एक सांगा.”

मग बराच वेळ त्या नुसतं ऐकत होत्या. मध्येच त्यांनी डावा हात वर केला आणि मिटलेली बोटं सावकाश उघडू लागल्या. एवढं? की अजून? पलीकडून काहीतरी सांगितलं जात होतं, त्या हिशोबाने बोटं आणखी थोडी उघडत होती, करंगळी जरा बाहेरच्या बाजूला वळत होती, आणि शिडी दोन्ही हातांनी फाईल धरून त्या हाताकडे बघत उभा होता.