वहीबाहेरचं वाक्य

कंगव्यात अडकलेला हा पांढरा केस आपला की टोपाचा — बाईंनी तो दिव्यासमोर धरला, ओढून पाहिला, पण काही ठरेना... तिशीत म्हाताऱ्या रंगवताना याच टोपानं त्यांची लाज राखली होती; आता साठीनंतर दोघांचे केस एकमेकांत बेमालूम मिसळून गेले होते. राणी, मोलकरीण, वेडी, सवत, दोनदा तर पुरुषसुद्धा — चाळीस वर्षांत बासष्ट भूमिका अंगावर चढल्या नि उतरल्या, पण एकीनंही जाताना खोली झाडून दिली नाही.

दुपारच्या प्रयोगाचं मध्यंतर चालू होतं. पहिल्या अंकाच्या शेवटी नाटकातल्या मुलीला त्या म्हणाल्या होत्या, "दार लोटून घे, पाऊस आत येतोय." या नाटकात पाऊस नव्हताच. पोरगी चलाख, मुकाट्यानं दार लोटून आली. वर टाळ्या पडल्या.

प्रॉम्प्टर मास्तर रंगपटाच्या दारात उभे राहिले, काखेत संहितेची वही.

"बाई, पाऊस कुठून आणलात?"

"मुद्दाम टाकला. का, भिजलात?"

"महिन्यातली ही चौथी चूक. दिग्दर्शक दौऱ्यासाठी दुसरी कुणी बघतायत, म्हणून विचारलं." त्यांनी पेन्सिलीचं टोक बोटावर टोचून पाहिलं. "वहीत चढवून टाकतो. वहीत आलं की ते नाटकातलंच. उद्यापासून मात्र रोज म्हणावं लागेल."

"चढवा की!"

सुटले... पण हे वाक्य कुठल्या नाटकातलं? मोलकरणीचं? छे, तिला स्वतःचं दारच नव्हतं. सवतीचं? बाईंनी एकेकीला उठवून विचारलं. सगळ्यांनी कानांवर हात ठेवले. आणि मग — ओला उंबरा, हातात बॅग, पाठमोरी लेक. संध्याकाळचा प्रयोग गाठायचा होता. मी आरशातूनच बोलले. मान वळवली नाही, भुवई अर्धी रेखून झाली होती... जातेस तर जा, पण दार लोटून घे, पाऊस आत येतोय. सतरा वर्षं झाली. साधं पत्रही नाही.

तेव्हा वाक्य कोरडं पडलं होतं. आज — हे कबूल करताना त्यांना स्वतःचीच शिसारी आली — आज आवाज नेमक्या जागी कापरा झाला होता.

"मास्तर, खोडा ते," असं म्हणायला त्या वळल्या, तोवर तिसरी घंटा झाली. मास्तर विंगेत जाऊन बसलेही होते, वही मांडीवर, बोट ओळीवर. दिवे लागले. दुसऱ्या अंकाचं पहिलं वाक्य बिनचूक तोंडून पडलं, मागोमाग दुसरं, तिसरं... आणि बोलता बोलता आत कुणीतरी थंडपणे तोलून बघत होतं — उद्या 'दार'च्या आधी जरा थांबलं तर? आणि मान... मान वळवायची की नाही?