चहाच्या गिलासाखालचं नक्षत्र

रायपूरच्या तेलीबांधा तलावाजवळचं ते सभागृह खच्चून भरलं होतं. जिन्यात माणसं, खिडकीत माणसं, बाहेर चपलांचा ढीग. कशासाठी? तर म्हणे 'तारालिपिक मंडळ' आलंय! सत्तावीस नक्षत्रांचे सत्तावीस लेखक, हिमशिखरावर बसून युगानुयुगं ताऱ्यांची नोंद ठेवणारे. निळे झगे, झग्यांवर टिकल्यांच्या चांदण्या, कानावर मोरपीस.

मंचावर तांब्याचा हंडा होता, त्याला म्हणायचं हिमकुंड. त्यातून पांढरा धूर सांडत होता. महालेखक कोरा कागद उंच धरून गर्जत, "बहनो और भाइयो, आकाश झूठ नहीं बोलता! आकाश सिर्फ लिखता है!" कागद कुंडात जाई आणि मिनिटभरानं वर येई तेव्हा त्यावर निळी अक्षरं! टाळ्या काय, हुंदके काय, विचारू नका.

मीनाक्षी सातव्या रांगेत बसली होती. तिची नजर ना धुरावर होती ना अक्षरांवर, ती होती कुंडाजवळ उभ्या धाकट्या जावेवर. अस्मिताला मंडळानं चार दिवसांत 'उपलेखिका' करून टाकलं होतं. कागद कुंडात सोडायचा मान तिचा. पहिल्या रांगेतून सासूबाई मान उंचावून तिचं कौतुक पाहत होत्या, आणि इकडे मीनाक्षीचा नुसता जळफळाट चालला होता. सहा वर्षं सासूबाईंच्या डोळ्यांत सकाळ-संध्याकाळ थेंब कोणी टाकले? तिनं. ऑफिसची बस कितीदा चुकवली? तिनं. आणि कौतुक कुणाचं? अस्मिताचं!

तेवढ्यात सासूबाईंच्या नावाचं पान निघालं. 'नेत्रों पर छाया है. कार्तिक तक न शस्त्र, न औषध.'

मीनाक्षी खुर्चीतून अर्धी उठलीच. सासूबाईंना काचबिंदू होता आणि सोमवारी ऑपरेशन ठरलं होतं. डॉक्टरांनी बजावलं होतं, डोळ्यातला दाब आता थेंबांनी आटोक्यात येत नाही, गेलेली नजर परत येणार नाही, उरलेली तरी वाचवू.

घरी आल्यावर सासूबाईंनी जाहीर केलं, "मी सोमवारी येत नाही. अन् थेंबही नको."

"आई, डॉक्टर काय म्हणाले होते?"

"डॉक्टरले जास्त समजते काय? माह्ये डोळे दुखते हे मंडळाले कसं कळलं, सांग बरं!"

अस्मिता म्हणाली, "ताई, माझ्यामुळे पान निघालं, हे तुम्हाला आवडलं नाही ना?"

ते खरंच होतं, म्हणून मीनाक्षीला जास्त झोंबलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी ब्राह्मणपारा मोहल्ल्यातल्या घरात सासूबाई चहा घेत होत्या. पान समोर टेबलावर ठेवलेलं. त्यांना धड दिसेना, म्हणून चाचपडत वाफाळता स्टीलचा गिलास त्यांनी नेमका पानावरच टेकवला. उचलला, तर खाली गोल कोरं! 'न शस्त्र, न औषध' साफ गायब.

"अगं माय! तारा कोपला! अस्मिताले बोलाव, तेच इचारील त्याईले!"

अजूनही अस्मिताच! मीनाक्षी तणतणत पान पुसायला गेली आणि थबकली. चहा सांडलाच नव्हता, कागद कोरडा होता. मग अक्षरं गेली कुठं?

तिला एकदम गेल्या वर्षीचा मे महिना आठवला. बंद गाडीत तिची मीटिंगची वही दिवसभर रायपूरच्या उन्हात तापत राहिली आणि संध्याकाळी उघडली तर सगळी पानं कोरी. ऑफिसातला यशदीप हसून म्हणाला होता, "मैडम, बच्चों वाला मिटने वाला पेन है. कॉपी फ्रीजर में रखिए." तिनं वही ठेवली, अक्षरं परत आली होती.

तिनं सासूबाईंचं पान मटाराच्या पाकिटाशेजारी फ्रीजरमध्ये ठेवलं. अर्ध्या तासानं शस्त्रही आलं, औषधही आलं. घ्या, हिमकुंड घरातच होतं! आणि लपवायचं कशाला, मीनाक्षीच्या डोळ्यांपुढे पहिल्यांदा आला तो अस्मिताचा पडलेला चेहरा. सासूबाईंचे डोळे नंतर आठवले. तिची तिलाच लाज वाटली.

तिनं मुलाच्या, ओजसच्या, दप्तरातून तसलं पेन काढलं, दोन ओळी लिहिल्या, वरून इस्त्री फिरवली आणि कोरा कागद घेऊन संध्याकाळी सभागृह गाठलं.

"महाराज, माझंही पान काढा!"

"बिना फॉर्म के तारा नहीं मिलता, बहनजी."

"आकाशाला फॉर्म लागतो होय?"

मागे कुणीतरी फिस्सकन हसलं. कुंडाजवळ अस्मिता मात्र चमकली. आईंच्या फॉर्मवर 'तकलीफ' या रकान्यात काचबिंदू आणि ऑपरेशनची तारीख तिनंच तर लिहिली होती.

मीनाक्षीनं कागद उलटसुलट करून सगळ्यांना दाखवला. महालेखक ओरडले, "यह कागज अशुद्ध है!"

अस्मितानं एकदा त्यांच्याकडे पाहिलं, एकदा मोठ्या जावेकडे. मग पुढे होऊन तिनं कागद घेतला आणि कुंडात सोडला. वर आला तेव्हा तिनं माइकवर वाचलं, "आईंचं ऑपरेशन सोमवारीच. थेंब आजपासून." आणि मग हळूच, "हे... हे तर ताईंचं अक्षर आहे."

मग मीनाक्षीनं सगळं सांगितलं. शाई मुलांच्या पेनाची, गरम केली की दिसत नाही, गारठवली की दिसते. धूर सुक्या बर्फाचा, आइस्क्रीमवाले वापरतात तो. ती म्हणाली, "चमत्कार पाहायचा तर पाहा, टाळ्याही वाजवा. पण विचारा की हे माझ्या हातून घरी होतं का? आणि तोवर डॉक्टरांची तारीख कुणाच्या धुरात घालू नका!"

महालेखकांना तातडीनं ग्रहणकाळ आठवला. पण लोक ऐकतात कशाला! दारातल्या हिरालाल चहावाल्याच्या किटलीभोवती रांग लागली. जो तो आपल्या नशिबावर गरम गिलास ठेवून पाहू लागला.

सोमवारी ऑपरेशन झालं. उरलेली नजर वाचली. दवाखान्यात सासूबाई नर्सला काय म्हणाल्या? "माह्या अस्मितानं कागद टाकला, म्हणून कळलं पाहा!" मीनाक्षी पुन्हा जळाली. जळणारच, माणूसच ती.

संध्याकाळी अस्मिता थेंबांची बाटली घेऊन पुढे झाली, तशी सासूबाईंनी तिचा हात धरला. "तू नको. मोठीले दे. तिचा हात हालत नाही. सहा वर्षं पाह्यलं आहे मी."

मीनाक्षीनं बाटली घेतली, धाकटीकडे एकदा, फक्त एकदाच, पाहून घेतलं आणि थेंब टाकला.